आंटीजींच्या नावाचं मशीन

आमच्या घरमालकांची बायको गेली, त्यानंतर बरेच दिवस ते कुणाशी धड बोलले नाहीत. मग एका सकाळी जिना चढून वर आले, आमच्या बाल्कनीतली खुर्ची ओढून बसले आणि म्हणाले, "बेटाजी, इस शहर में एक मशीन और होनी चाहिए."

मशीन कुठलं, हे मला विचारावं लागलं नाही. आंटीजींची दोन्ही मूत्रपिंडं निकामी झाली होती. शेवटची काही वर्षं अंकलजी त्यांना आठवड्यातून दोनदा डायलिसिसला नेत. चंदीगडच्या सरकारी रुग्णालयातली मशीनं चांगली, डॉक्टरही चांगले, पण तिथे उत्तरेतली अर्धी दुनिया येते. हिमाचलचे, हरियाणाचे, पार जम्मूकडचे लोक सेक्टर ४३ च्या बसस्टँडवर उतरतात, फाइलची पिशवी काखेत मारतात आणि येऊन रांगेत बसतात. आंटीजी बाकावर विणकाम घेऊन बसायच्या. पाय सुजलेले असले तरी शेजारच्या बाईला टाके शिकवायच्या. त्या रांगेत आपला नंबर पुढे सरकला तर आनंद मानायचीही पंचाईत, कारण पुढचा माणूस बहुधा बरा होऊन गेलेला नसतो. 'एक मशीन और' हे अंकलजींनी त्या बाकावर बसून काढलेलं उत्तर होतं. एक मशीन वाढलं की बाकावरची काही माणसं उठतील, इतकं साधं.

मी मूळची सोलापूरची. नवरा आणि मी दोघंही मोहालीत नोकरीला, तो सॉफ्टवेअरमध्ये, मी एका कंपनीच्या अंतर्गत तपासणी विभागात. चंदीगडमधल्या अंकलजींच्या घराचा वरचा मजला आमच्याकडे. आमची मुलगी माझ्या मराठी प्रश्नांना हिंदीत उत्तरं देते आणि अंकलजींशी पंजाबीत भांडते. सोलापूरचं ऊन माझ्या डोक्यात बारा महिने असतं, असं नवऱ्याचं मत आहे. ते तो जरा लांब उभा राहून सांगतो.

अंकलजींची शहराबाहेर मुल्लानपूरकडे थोडी वडिलोपार्जित जमीन होती. तिकडे आता गव्हाऐवजी टॉवर उगवतात. ती जमीन त्यांनी विकली आणि त्याच बाजूला नव्याने उभ्या राहिलेल्या एका धर्मादाय रुग्णालयाला डायलिसिसचं मशीन दिलं. पैसे नाही दिले, मशीन दिलं. "पैसा तो पानी है, जिधर ढलान उधर बहेगा," असं म्हणून ते स्वतः विक्रेत्याकडे गेले, मशीन निवडलं, बिल स्वतःच्या नावावर केलं आणि टेम्पोत ड्रायव्हरशेजारी बसून ते रुग्णालयात पोचवलं. म्हातारा भोळा होता, पण बावळट नव्हता.

आता त्या रुग्णालयाविषयी सांगते. दात्यांची नावं कोरायची हौस आपल्याकडेही आहे. देवळातल्या पंख्याच्या प्रत्येक पात्यावर कुणाच्या तरी वडिलांचं नाव असतं आणि पंखा सुरू झाला की सगळं पुण्य गरगर फिरायला लागतं. पण इथे त्या हौसेचा कळस झाला होता. बाकांवर नावं, पाण्याच्या कूलरवर नावं, व्हीलचेअरच्या पाठीवर नावं. पुरुषांच्या स्वच्छतागृहाच्या दारावर कुणा सद्गृहस्थाने आपल्या सासऱ्यांच्या स्मरणार्थ संगमरवरी पाटी बसवली होती. त्यात प्रेम किती आणि जुना हिशेब किती, देव जाणे.

या सगळ्याचे कर्तेकरविते होते ट्रस्टचे सचिव. गोरेपान, हसतमुख, हातात जाड कडं. 'सेवा' हा शब्द त्यांच्या तोंडात लवंगेसारखा कायम धरलेला असे. त्यांनी मशीनच्या एका कुशीवर आंटीजींच्या नावाची पितळी पाटी बसवली, अंकलजींना शाल घातली आणि फोटो काढला. अंकलजींना शालीचं काही नव्हतं. दर रविवारी ते तिथे जात, पाटी रुमालाने पुसत आणि पलंगावर जो असेल त्याला विचारत, "सब ठीक है ना जी?" एका रविवारी मी आणि मुलगी त्यांच्यासोबत होतो. मशीनच्या स्क्रीनच्या कोपऱ्याला बारीक तडा गेलेला दिसला. अंकलजींनी नर्सकडून पांढरी चिकटपट्टी मागून घेतली आणि चष्मा न लावता तिरकी चिकटवली. मुलगी म्हणाली, "दादू, टेढ़ी है." ते म्हणाले, "मैं भी तो टेढ़ा हूँ."

काही महिन्यांनी बातमी आली की याच रुग्णालयाला सरकारी अनुदान मंजूर झालं आहे. डायलिसिसचं एक मशीन घ्यायचं आणि गरिबांसाठी मोफत चालवायचं. अंकलजींनी वर जिलबी पाठवली. त्यांच्या मते आंटीजींनी तिकडे वर जाऊन कुणाला तरी बोलतं केलं होतं. एकाची दोन मशीनं झाली, आता बाकावरची आणखी माणसं उठणार होती.

अनुदानाला एक अट होती. खर्चावर लक्ष ठेवायला समिती हवी आणि तिच्यात ट्रस्टबाहेरचा एक नागरिक हवा. वस्तू प्रत्यक्ष पाहून त्याने प्रमाणपत्रावर सही करायची. सचिवांनी अंकलजींना एखादं नाव विचारलं आणि अंकलजींनी माझं सुचवलं. "महाराष्ट्र की है, सीधी बात करती है," असं त्यांनी सांगितलं म्हणे. सचिवांना ही शिफारस वाटली, ती खरं तर धोक्याची सूचना होती.

समितीच्या बैठका मी जन्मात विसरणार नाही. सभागृहात आधी पनीर पकोडे येत, मग चहा, मग मागच्या बैठकीचं इतिवृत्त, मग पुन्हा पकोडे. खर्चाचा विषय निघाला की कुणीतरी चटणी पुढे करी. सगळे निर्णय सर्वानुमते होत, कारण तोंडात पकोडा असताना विरोध करता येत नाही. हे रुग्णालय म्हणजे नक्की काय, हे मला तिथे हळूहळू उमगत गेलं. अनुदान मागायचं असलं की ते सरकारचा उजवा हात असे. कुणी माहितीच्या अधिकारात अर्ज टाकला की ते एकदम खाजगी होई. देणगी घेताना ते धर्मादाय असे, आणि वरच्या मजल्यावरच्या रुग्णांची बिलं करताना पंचतारांकित हॉटेलच. एवढी रूपं देवांनासुद्धा जड जावीत.

त्याच सुमारास तळमजल्यावर नवी लॉबी उभी राहत होती. इटालियन म्हणवणारा संगमरवर, चामड्याचे सोफे, वातानुकूलन आणि मधोमध निळ्या दिव्यांचं कारंजं. हे कशातून चाललंय, असं मी विचारलं, तर सचिवांनी छताकडे बोट दाखवलं. "ऊपरवाले की कृपा, मॅडमजी." वरच्या मजल्यावर त्यांचंच कार्यालय होतं.

मग मला मशीन दाखवण्यात आलं. डायलिसिसच्या खोलीत दोन पलंग होते आणि मधे एक हिरवा पडदा. पडद्याच्या अलीकडच्या पलंगापाशी मशीन होतं, त्याच्या कुशीवर 'शासकीय अनुदानातून' असं ठळक लिहिलेलं स्टिकर. मी पडदा सारून पाहिलं, तर पलीकडचा पलंग रिकामा आणि शेजारी मशीनच नाही. "आंटीजींचं कुठंय?" असं विचारल्यावर सचिव म्हणाले, "सर्व्हिसिंगला गेलंय." रविवारी अंकलजींबरोबर गेले, तर पडद्यापलीकडे आंटीजींचं मशीन जागेवर होतं आणि सरकारचं सर्व्हिसिंगला गेलं होतं. दोन्ही मशीनं प्रकृतीने इतकी नाजूक, की एक घरी असलं की दुसरं हमखास आजारी!

पुढच्या बैठकीच्या दिवशी मी पकोडे सोडून सरळ त्या खोलीत गेले. सरकारी मशीन आपल्या जागी उभं होतं. त्याच्या स्क्रीनच्या कोपऱ्यावर पांढरी चिकटपट्टी होती. तिरकी.

मशीनला चाकं असतात. एका कुशीवर आंटीजी, दुसऱ्या कुशीवर सरकार. हिरव्या पडद्याच्या अलीकडे लावलं की एक कूस भिंतीकडे जाते, पलीकडे लावलं की दुसरी. नावं कोरण्यात ज्यांची हयात गेली, त्यांनाच हे सुचू शकतं. वस्तू आणायचं कुणाच्या मनातच आलं नाही, त्यांना पाटी पुरली. आणि सरकारी मशीनचा पैसा खाली निळ्या दिव्यांत तुषार होऊन उडत होता.

मी सचिवांच्या खोलीत गेले तेव्हा माझा आवाज बाहेर पॅसेजपर्यंत जात होता, असं नंतर नर्सने सांगितलं. सचिव शांतपणे ऐकत होते. मग म्हणाले, "मॅडमजी, अंकलजींची भावना काय होती? सेवा. सरकारची भावना काय? सेवा. भावना एक, तर मशीन एक. यात चुकलं कुठे?"

"दोन मशीनांच्या जागी एक आहे, इथे चुकलं."

"सही नाही केलीत तर पुढचा हप्ता थांबेल. मग मोफत डायलिसिस बंद. गरिबांना तोंड तुम्ही दाखवा." आणि मग अगदी मऊ आवाजात, "आणि अंकलजींनाही तुम्हीच सांगा. मला तर नाही बाबा जमणार, माझं काळीज फार हळवं आहे."

धरलं तर चावतं, सोडलं तर पळतं, असं झालं माझं. सही मी केली नाहीच. पण घरी आले तेव्हा अंकलजी अंगणात माझ्या मुलीला सांगत होते की आता आपल्या शहरात दोन मशीनं जास्त आहेत. मी रागाच्या भरात कुणालाही काहीही बोलते. त्या दिवशी मात्र माझी जीभ उचलली नाही. जिना चढताना मला स्वतःचीच चीड येत होती.

माझी सही नाही म्हटल्यावर प्रमाणपत्र अडकलं आणि अनुदान देणाऱ्या खात्याने तपासणीला अधिकारी पाठवायचं ठरवलं. सचिवांनी चोख तयारी केली. मशीन पडद्याअलीकडे, स्टिकर समोर, लॉबीत फुलं. सगळं पाहिलं, फक्त पंचांग पाहिलं नाही. तपासणीचा दिवस ठरला तोच आंटीजींच्या बरसीचा, म्हणजे वर्षश्राद्धाचा होता.

अंकलजींना बरसीला रुग्णांना जेवू घालायचं होतं. गाडीच्या डिकीत छोले-पुऱ्या आणि शिऱ्याची पातेली, मांडीवर झेंडूचा हार. गाडी मी चालवत होते. तपासणीची तारीख मला कुणी कळवलीच नव्हती. सही न करणाऱ्या सदस्याला कोण कळवणार? रुग्णालयात शिरलो तेव्हा सचिव लॉबीत नव्हते आणि डायलिसिसच्या खोलीतून आवाज येत होते, तेव्हा कुठे माझ्या डोक्यात प्रकाश पडला. पण अंकलजी हार घेऊन पुढे गेलेसुद्धा.

आत खात्याच्या अधिकारी, तरुण बाई, फोनवर मशीनचा फोटो काढत होत्या. पलंगावर एक रुग्ण बाई होती, तिचं डायलिसिस चालू होतं. अंकलजींनी सगळ्यांना नमस्कार केला आणि सवयीने पडदा सारून पलीकडे गेले. पलीकडे रिकामा पलंग.

"ओ जी, अपनी मशीन कित्थे है?" पडद्याआडून आवाज आला.

"सर्व्हिसिंग, अंकलजी, सर्व्हिसिंग," सचिव पटकन म्हणाले.

अधिकारी बाईंनी फोन खाली घेतला. "इथे आणखी एक मशीन आहे? तुमच्या कागदांत तर एकच दाखवलंय."

अंकलजी पडद्याअलीकडे आले. मशीनकडे पाहिलं, चष्मा लावला, पुन्हा पाहिलं. मग हळूच त्या तिरक्या पट्टीवर बोट ठेवलं. "ये तो मैंने लगाई थी."

"अंकलजी, अशा पट्ट्या सगळ्याच मशीनांना असतात." सचिवांच्या कपाळावर घाम होता. मशीन वळवायची सोय नव्हती, बाईचं रक्त त्यातून फिरत होतं.

तेव्हा ती पलंगावरची बाई बोलली. कुठल्याशा खेड्यातली असावी, आवाज थकलेला. "उधर दूसरा नाम भी है जी, पीतल वाला. मैं तो दोनों तरफ लेटी हूँ. पढ़ने को और कुछ है भी नहीं यहाँ."

अंकलजींनी भिंत आणि मशीन यांच्यामधल्या फटीत हात घातला आणि चाचपडून पाटीवरून बोटं फिरवली. मी त्यांच्या चेहऱ्याकडे पाहू शकले नाही. मला वाटलं, आता हा माणूस कोसळणार. ते कोसळले नाहीत. त्यांनी हार त्या बाईच्या उशाशी ठेवला आणि अधिकाऱ्यांना विचारलं, "मतलब एक ही है?"

खालच्या लॉबीत आम्ही सगळे बसलो. कारंजं चालू होतं. अधिकारी बाईंनी अंकलजींना सरळ सांगितलं की मशीन तुम्ही दिलेलं आहे असं बिलासकट लेखी दिलंत, तर अनुदानाचं काय झालं हा प्रश्न ट्रस्टला कायद्याने विचारता येईल. नाही दिलंत, तर समोर मशीन आहे, स्टिकर आहे, फोटो आहे. बाई आपल्या गाडीत फाइल ठेवायला गेल्या तेवढ्यात सचिव अंकलजींजवळ सरकले आणि त्यांचे दोन्ही हात हातात घेतले.

"अंकलजी, तुमचं काय गेलं? तुमचं मशीन आहे. आंटीजींचं नाव आहे. रुग्णांना लाभ मिळतोय. उलट मी सांगतो, ही पूर्ण लॉबी आंटीजींच्या नावाने करू. दारावर सोनेरी अक्षरं! मशीनच्या पाटीला कोण विचारतं? ही तर रस्त्यावरून दिसेल."

हलवायाच्या घरावर तुळशीपत्र ठेवावं ते या माणसाने. माझ्या तोंडावर अस्सल सोलापुरी शब्द आले होते. पण अंकलजींनी मला हाताने थांबवलं. ते सोफ्याकडे पाहत होते, कारंज्याकडे पाहत होते.

"यहाँ किसका खून साफ होता है?" त्यांनी विचारलं. खरोखर उत्तर हवं असल्यासारखं विचारलं. मग कागद मागून घेतला आणि गुडघ्यावर ठेवून लिहायला लागले. त्यांचे शिऱ्याचे टोप तसेच डिकीत राहिले होते. ते नंतर मी आणि नर्सने मिळून वाढले.

पुढचं काम कायद्याचं, म्हणजे सावकाशीचं. खात्याने ट्रस्टला खुलासा मागितला. ट्रस्टचा खुलासा आला तो मी तीनदा वाचला, कारण पहिल्या दोन वेळा माझा विश्वास बसला नाही. त्यात म्हटलं होतं की अनुदान डायलिसिसच्या रुग्णांवरच खर्च झालं आहे. या रुग्णांना फार वेळ वाट पाहावी लागते, म्हणून त्यांच्यासाठी वातानुकूलित प्रतीक्षाकक्ष उभारला. रांग कमी करण्याच्या पैशातून रांगेसाठी सोफे! शिवाय बाहेर बाकांवर थांबणाऱ्यांपैकी कुणी या सोफ्यावर बसलेलं मी कधी पाहिलं नाही. चपला बाहेर काढा, अशी पाटी होती दारात. तिच्यावरही दात्याचं नाव होतं.

खुलाशावर खुलासा, पत्रावर पत्र असं चाललं. शेवटी अंकलजींनीच कोर्टात अर्ज केला. त्यांच्या मुलांनी फोनवरून समजावलं, नात्यातल्यांनी समजावलं की या वयात कशाला. त्यांना एकच हवं होतं. ट्रस्टने सरकारच्या पैशाचं मशीन आणावं, आपल्या मशीनशेजारी लावावं आणि दोन्ही चालवावीत. नुकसानभरपाई नको, माफी नको, आंटीजींची पाटी काढून टाकली तरी चालेल, असंही त्यांनी अर्जात लिहायला लावलं. तो भाग लिहिताना त्यांच्या वकिलांना अवघड गेलं.

मागच्या तारखेला मी रजा टाकून त्यांच्याबरोबर गेले. ट्रस्टचे वकील तरतरीत होते. त्यांची फी ट्रस्टच्या कुठल्या खात्यातून जात असेल, याचा विचार मी मनातून काढून टाकला. त्यांनी अंकलजींना नम्रपणे विचारलं, "आपलं मशीन आहे ना? चालू आहे ना? आपल्या पत्नीचं नाव त्यावर आहे ना?"

तिन्हीला अंकलजी "हां जी" म्हणाले.

"मग आपलं नुकसान काय झालं, हे कोर्टाला सांगाल का?"

अंकलजींनी जरा विचार केला. "मेरा कोई नुकसान नहीं हुआ जी. मेरा जो होना था, पहले ही हो चुका. नुकसान तो उसका हुआ, जो लाइन में बैठा है."

वकील खूश झाले. न्यायाधीशांकडे वळून म्हणाले, कृपया नोंद व्हावी, आपलं काहीच नुकसान झालेलं नाही हे अर्जदारांनी स्वतः मान्य केलं आहे. मला उठून ओरडावंसं वाटलं. मी बाकाची कड घट्ट धरून बसले. वकिलांना तेवढ्यावर थांबवेना. ते हसून म्हणाले, "आणि ज्यांचं नुकसान झालं म्हणता, ते स्वतः का नाही आले? त्यांना घेऊन या, बाबूजी. आम्ही उत्तर देऊ."

"मैं तो ले आऊँ जी," अंकलजी म्हणाले. "पर वो उठेगा तो उसका नंबर चला जाएगा."